वैशाखातल्या धामणी

वैशाख लागला की माझा फोन तापतो. सकाळी चहाचं आधण ठेवावं, तोवर पाथर्डी फाट्याकडून नाहीतर आडगावातून कोणीतरी फोटो पाठवलेला असतो. फोटोत कधी नुसती शेपटी असते. कधी एक बादली पालथी घातलेली, बादलीवर पाट, पाटावर वरवंटा, आणि खाली मजकूर: ‘मॅडम, यात आहे. विषारी आहे का?’ बादलीतून आरपार बघण्याची विद्या मला अजून अवगत झालेली नाही, पण लोकांचा माझ्यावर विश्वास दांडगा. मी नाशिकच्या एका कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवते. साप पकडत नाही, ते काम करणारी धीट मुलं-मुली शहरात पुष्कळ आहेत. मी फक्त ओळखते आणि ओळख करून देते.

या दिवसांत बहुतेक फोटोंना माझं उत्तर एकच असतं. धामण आहे, बिनविषारी आहे, दार उघडं ठेवा, तिची ती जाईल. काही जण आधी मारतात आणि मग विचारतात, विषारी होता का. अशांना मी लगेच उत्तर देत नाही. आधी राग गिळते, भाजी फोडणीला टाकते, आणि मग लिहिते: ‘नव्हती.’

खरं सांगायचं तर धामणीचा फोटो आला की माझी मान आपोआप ताठ होते. आपल्या माहेरचं माणूस शहरातल्या लग्नात दिसावं आणि त्यानं झकपक कपडे घातलेले असावेत, तसं काहीसं वाटतं. आणि धामण दिसतेही तशीच. माणसाच्या उंचीपेक्षा लांब, अंगानं भरलेली तरी चपळ. रंग कधी गव्हाळ, कधी तपकिरी, कधी ओल्या मातीसारखा काळपट. शेपटीकडच्या भागावर काळी नक्षी. ओठांच्या खवल्यांवर काळ्या उभ्या रेघा, जणू कोणी घाईघाईनं टाके घालून तोंड शिवलंय. डोळे मात्र मोठे, गोल, आणि कमालीचे जागे. ती दिवसाउजेडी हिंडते. अंधारात लपतछपत फिरण्याचं तिला काही कारण नाही, कारण तिनं कोणाचं वाईट केलेलं नाही. निदान माणसाचं तरी नाही. उंदरांचं मत वेगळं पडेल.

तिला विष नाही, म्हणून ती भित्री आहे असं समजू नये. कोंडीत सापडली की मान फुगवते, घशातून गुरगुरल्यासारखा आवाज काढते आणि चावतेसुद्धा. दात लागतात, रक्त येतं, धनुर्वाताचं इंजेक्शन घ्यावं लागतं आणि प्रकरण तिथं संपतं. उंदीर धरला तर त्याला विष घालून गप्प करण्याची सोय तिच्याकडे नाही. ती त्याला बांधाला, दगडाला, मिळेल त्याला अंगानं दाबून धरते आणि तसाच गिळते. ज्याच्याकडे विष नाही त्याला सगळं अंगमेहनतीनं करावं लागतं.

आणि एवढं करून तिच्या वाट्याला काय आलं, तर बदनामी. धामण गाईच्या पायांना विळखा घालून दूध पिते म्हणे. तिची शेपटी लागली की माणूस झिजून जातो म्हणे. धामण ही नागाची बायको, हे तर आमच्या तालुक्यात कोणालाही विचारा. सापाला दूध पचत नाही, शेपटीत काही नसतं आणि नागाला त्याची स्वतःची नागीण असते, हे सांगून सांगून माझा घसा बसलाय. ऐकणारे ऐकतात, मान डोलावतात आणि जाताना विचारतात, ‘पण मॅडम, आमच्या चुलत्याच्या गाईचं काय?’

आमचं गाव वणीच्या रस्त्यावर, दिंडोरी मागं टाकलं की आत वळतो तिकडं. त्या गावातला एक वैशाख माझ्या अंगात कायमचा मुरला आहे. मी तेव्हा आठवीतून नववीत गेले होते. उन्हाळी कांदा निघाला होता. काढून, पात कापून, वावरातच वाळवून तो चाळीत भरायचं काम चालू होतं. कांद्याची चाळ ज्यांनी पाहिली नसेल त्यांच्यासाठी सांगते: जमिनीपासून हातभर उंचीवर बांबूच्या पट्ट्यांचा तळ, बांबूच्याच पट्ट्यांच्या भिंती, वर उसाच्या पाचटाचं छप्पर. वारा सगळीकडून खेळला पाहिजे, ऊन कुठून शिरता कामा नये. त्या दिवसांत अख्ख्या गावाला कांद्याचा वास असे. केसांना, भाकरीला, शाळेच्या दप्तराला. डोळे चुरचुरायचे, पण आठ दिवसांत सवय व्हायची. आजही बाजारात नव्या कांद्याची पोती उघडली की मी उगाच थांबते, भाव विचारते आणि न घेता पुढं जाते.

चाळीवर राज्य सिंधूकाकूचं. माझ्या धाकट्या काकांची बायको. उंचनिंच, सावळी, चालताना मान कधी खाली न घालणारी. ती कांदा हातात घ्यायची, मानेपाशी अंगठ्यानं दाबायची आणि बाजूला टाकायची. मोठा इकडं, बारीक गोल्टी तिकडं, जोड कांदा घरी खायला. तिच्या हाताचा वेग बघत बसावं. मला ती ‘माई’ म्हणायची, कारण मी लहानपणापासून म्हाताऱ्यासारखी बोलते असं तिचं मत होतं.

चाळीखालच्या त्या हातभर जागेत एक धामण राहायची. सगळ्यांना ठाऊक होतं. एकदा भरदुपारी ती बांबूच्या खांबाला उंदीर दाबून धरून बसली होती आणि मी किंचाळले. काकूनं वळूनसुद्धा पाहिलं नाही.

“जेवू दे तिला,” ती म्हणाली. “आपण जेवताना ती वरडती का?”

त्या वैशाखात काकूच्या लग्नाला बरीच वर्षं झाली होती आणि मूल नव्हतं. माझे वडील, म्हणजे आप्पा, थोरले. त्यांना आम्ही दोघी मुली. म्हणजे मोजायला गेलं तर घरात पोरं होती, पण मोजणाऱ्याच्या हिशेबात नव्हती. शेवंताआत्या मोजणारी. आप्पांची थोरली बहीण, तरुणपणी नवरा गेल्यावर माहेरी परत आलेली आणि घराचा कारभार हाती घेतलेली. आत्या दुष्ट नव्हती, हे मी आवर्जून सांगते. आपल्या भावांचं घर पुढं चालावं, यापलीकडं तिला स्वतःचं असं काही उरलं नव्हतं. पण तिला वाटायचं की काकांनी दुसरी बायको करावी. सिन्नरकडची एक मुलगी तिच्या डोक्यात पक्की बसली होती.

ही गोष्ट घरात कोणी उघड बोलत नव्हतं आणि सगळे तीच बोलत होते. आत्या पीठ चाळताना बोलायची, आप्पा सुपारी कातरताना. काका तर मुळातच मुका माणूस. बैलाशी जेवढं बोलायचे तेवढंही घरात बोलत नसत. काकू कांदे निवडत राहायची. तिला माहेरी पाठवतील का, की इथंच एका कोपऱ्यात ठेवतील, यावर आम्ही दोघी बहिणी अंथरुणात कुजबुजायचो. काकू नसलेलं घर मला डोळ्यांपुढं आणताच यायचं नाही. मला रडू यायचं आणि बहीण म्हणायची, कांद्यानं आलंय म्हणून सांग.

आणि मग एका सकाळी ओढ्याकडून आरडाओरडा आला. “नाग-धामणीचं लगीन लागलंय, चला.”

त्याआधी एक वळीव पडून गेला होता आणि माती नुकती बसली होती. आमच्या द्राक्षबागेच्या आणि ओढ्याच्या मधला बांध, बाजूला करंजाचं झाड. तिथं दोन मोठे साप एकमेकांना पीळ घालून उभे होते. उभे म्हणजे खरंच उभे. कमरेइतके वर उठलेले, दोरखंडासारखे वळलेले, माना एकमेकींना लागलेल्या. ते डोलायचे, वर चढायचे, एकदम धाडकन आडवे पडायचे आणि पीळ न सोडता पुन्हा उठायचे. गवत झोपून गेलं होतं. उन्हात अंगं चमकत होती. मी आयुष्यात पाहिलेल्या सुंदर गोष्टींत ती अजूनही वरच्या जागी आहे. अख्खं गाव गोलात उभं होतं, पण खोकण्याचाही आवाज नव्हता.

आमच्याकडं समजूत अशी की हे सापांचं लगीन. त्यांच्यावर कोरं कापड टाकायचं, साप निघून गेले की उचलायचं आणि जपून ठेवायचं. त्या कापडाला बरकत असते. पेटीत ठेवलं तर धान्य सरत नाही, आणि मूल नसलेल्या बाईच्या ओटीत घातलं तर वर्षाच्या आत पाळणा हलतो. लोकांनी अंगावरचे पंचे सोडले होते. तेवढ्यात शेवंताआत्या धावत आली. त्या वयात ती धावताना मी पहिल्यांदा आणि शेवटचं पाहिलं. तिच्या हातात हिरवा कोरा खण होता आणि दुसऱ्या हातात काकूचं मनगट.

“हात जोड,” आत्या म्हणाली. “जे मागायचं ते माग.”

आत्यानं खण उलगडून असा अलगद टाकला की तो दोघांच्याही अंगावर पसरला. खणाखाली साप क्षणभर हलले, पुन्हा पडले, मग पीळ सुटला. एक करंजाच्या मुळाशी थांबला, दुसरा ओढ्यात उतरून गेला. आत्यानं खण उचलला, झटकला, कपाळाला लावला आणि तिथंच बांधावर काकूची ओटी भरली. काकूनं मान लववली. बायकांनी हळद नसल्यामुळं एकमेकींच्या कपाळाला मातीच लावली. आत्या रडत होती. सगळ्यांसमोर ती म्हणाली, “देवानं कौल दिला. आता वरीसभर या घरात कोणी दुसरा इषय काढायचा नाय.”

आज मागं वळून पाहिलं की मला त्या वर्षाची गंमत वाटते. सगळं घर काकूच्या पोटाकडं बघत होतं आणि काकू द्राक्षबागेकडं बघत होती. आश्विनात छाटणी झाली. आप्पांची पाठ धरली आणि ते खाटेवर पडले. दरवर्षी पेठ-सुरगाण्याकडून मजूर बायकांची टोळी यायची. ती आली आणि तिला काम दाखवायला कोणी नव्हतं, तशी काकू पदर खोचून मांडवाखाली शिरली. नको ती फूट काढणं, घड विरळ करणं, औषधात बुडवणं, सगळं. सुरुवातीला ती त्या बायकांना विचारायची, मग त्यांच्याबरोबर करायची, आणि पौषापर्यंत त्या तिला विचारू लागल्या. दुपारी ती त्यांच्यातच बसून भाकरी खायची. त्यांच्या नागलीच्या, म्हणजे नाचणीच्या, भाकरीचा तुकडा आमच्यासाठी पदरात बांधून आणायची.

माघात माल तयार झाला. द्राक्षावर ती बारीक पांढुरकी लव असते, बोट लागलं की पुसली जाते. काकूनं टोळीतल्या बायकांना देठाला धरूनच घड उतरवायला लावले. व्यापारी आला तो घड उन्हाकडं धरून बघत राहिला. मग त्यानं आप्पांना विचारलं, “बाग कोणाच्या हातची?” आप्पांनी खाटेवरून हात केला, मांडवाकडं. त्यांचा चेहरा मला आठवतो. अभिमान होता, आणि तो लपवता येत नसल्याची थोडी पंचाईतही होती.

पाळणा काही हलला नाही. वैशाख परत आला, कांदा चाळीला लागला आणि आत्यानं बोलल्याप्रमाणं बरोबर वर्ष पाळून विषय काढला. सिन्नरकडची माणसं जीप करून आली. मुलीचे वडील, मामा आणि आणखी एक पोक्त गृहस्थ. पडवीत सतरंजी अंथरली होती. मी पाण्याचा तांब्या घेऊन उभी होते. काकूनं स्वतः चहा केला, कपबशा मांडल्या, ट्रे बाहेर आणला आणि पाहुण्यांपुढं ठेवला. आता ती आत जाईल म्हणून सगळे वाट बघत होते. ती गेली नाही. ती त्याच सतरंजीवर, आप्पांच्या समोर, मांडी घालून बसली.

“आत जा, सिंधू,” आत्या दारातून म्हणाली.

“जाते की, वन्सं. आधी पाव्हण्यांसंगं बोलू द्या.” मग ती मुलीच्या वडलांकडं वळली. आवाज नेहमीचाच, चाळीत बोलते तसा. “दादा, तुमची लेक गुणाची आसंल. तिचं चांगलं व्हवो. पण या घरात जागा रिकामी नाय. जिथं रिकामी आसंल तिथं तिला द्या.”

एवढंच. तिनं कोणाला शिवी दिली नाही, डोळ्याला पदर लावला नाही, आत्याचं नावसुद्धा घेतलं नाही. बोलून झाल्यावर उठलीही नाही. बसूनच राहिली. आप्पा सतरंजीच्या दशा मोजत होते. तेवढ्यात काका चाळीकडून आले. पाय धुळीनं भरलेले, डोक्याला फडकं. त्यांनी पडवीत एकदा नजर फिरवली, पायरीवर पाय झटकले आणि काकूच्या शेजारी येऊन बसले. अगदी शेजारी, गुडघ्याला गुडघा लागेल असे.

“चहा घ्या, पाव्हणं,” काका म्हणाले. “निवला.”

पाहुण्यांनी चहा घेतला. ती समजूतदार माणसं होती. मुलीचे वडील जाताना काकूला हात जोडून म्हणाले, “येतो, ताई.” जीप वळली, धूळ बसली आणि काकू ट्रे उचलून आत गेली. आत्या पुढं कितीतरी दिवस तिच्याशी बोलली नाही, पण तो विषय त्या घरात पुन्हा कधी निघाला नाही. मला त्या दिवशी इतका अभिमान वाटला होता की दुसऱ्या दिवशी विहिरीवर मी जी भेटेल तिला सांगत सुटले. काकूनं मला एक धपाटा घातला. तोही अभिमानानं घेतला.

मला कॉलेजसाठी नाशिकला ठेवायचं ठरलं तेव्हाही आत्यासमोर काकूच उभी राहिली. आणि तिथं, पहिल्याच वर्षी, आमच्या प्राध्यापकांनी फळ्यावर खडूनं दोन धामणींचा पीळ काढला. मी वहीतून डोकं वर केलं. आता हे लगीनच सांगणार, असं मला वाटलं. ते म्हणाले, हे दोन्ही नर आहेत. ही कुस्ती आहे.

पुढचं मी कान टवकारून ऐकलं. उन्हाळ्यात धामणींचे नर एकमेकांसमोर येतात, जागेवरून आणि जवळपास असलेल्या मादीवरून. दोघं अंगाला अंग पिळतात, वर उठतात आणि दुसऱ्याचं डोकं खाली दाबायला बघतात. जो वर राहतो तो जिंकला. चावाचावी नाही, जखम नाही. हरलेला निघून जातो, जिंकलेला तिथंच राहतो. आणि खरं मीलन होतं ते कुठंतरी गवतात, आडवं, शांत, कोणाला पत्ता न लागता. त्यावर खण टाकायला कोणी धावत येत नाही. मादी पुढं उंदराच्या बिळात नाहीतर पालापाचोळ्यात अंडी घालते, बऱ्याचदा त्यांच्यापाशी वेटोळं करून बसते. पावसाळ्यात पिल्लं बाहेर येतात, पेन्सिलीएवढ्या जाडीची, आणि जन्मल्या दिवसापासून आपापल्या वाटेला लागतात.

मी वर्गात हसले. शेजारच्या मुलीनं कोपर मारलं. आत्या धावत येतेय, गाव हात जोडून उभं आहे, बायका रडतायत, आणि मधे दोन पैलवान आपल्या कामात गुंग. मग एकदम हसू ओसरलं. कारण काकूनं तो खण कापूर घालून पेटीत जपला होता, आणि दर वैशाखात त्याला ऊन दाखवायची. सुट्टीत घरी गेले की मी तिचा चेहरा बघायचे आणि कॉलेजच्या मेसमधल्या आमटीबद्दल बोलायचे. त्यात मला चुकल्यासारखं कधी वाटलं नाही. कोणी विचारल्याखेरीज कोणाची पेटी उघडू नये, असं माझं तेव्हा मत होतं. आजही जवळपास तेच आहे.

पुढं मी हजारो पोरांना ती कुस्ती शिकवली. शाळांतून, गणेश मंडळांतून, सोसायट्यांच्या गच्च्यांवरून बोलले. आमच्या गावानं मात्र मला कधी बोलावलं नव्हतं. घरच्या माणसाचं काय ऐकायचं. बोलावलं ते यंदा, आणि तेही एक वाईट घडलं म्हणून. चैत्राच्या शेवटी बांधावर पुन्हा दोन धामणी पीळ घालून उठल्या. आता गर्दीला मोबाइल आहेत. लोक अंगावर गेले. पंचे, ओढण्या, साड्या पडल्या. एक धामण साडीत गुंतली, कोणीतरी बरकत हातची जाऊ नये म्हणून साडी ओढली, आणि तिचा कणा मोडला. मारायचं कोणाच्याच मनात नव्हतं. पण ती मेली. गावातल्या तरुण मुलांना ते लागलं. त्यांनीच मला फोन केला.

म्हणजे आता सांगणं भाग होतं. तिथं जाऊन नागपंचमीच्या चार गोष्टी सांगून परत आले असते तर पुढच्या वैशाखात पुन्हा साड्या पडल्या असत्या. आणि सांगायचं तर काकूच्या देखत सांगायचं. काका गेले, आत्या त्याआधीच गेली. काकू आता सत्तरी ओलांडलेली, गुडघ्यांनी जरा कुरकुरणारी, पण मान तशीच. गावात अजून म्हणतात, हिच्या अंगावरचं संकट नाग-धामणीनं टाळलं. त्या एका सकाळच्या आधारावर ही बाई आयुष्यभर उभी आहे असं मला वाटत होतं. तो आधार चार लोकांत काढून घ्यायला मी कोण?

सकाळी लवकर घरी पोचले. काकू ओट्यापाशी थालीपीठ लावत होती. मी म्हटलं, “काकू, तू येऊ नकोस. ऊन फार आहे.”

“पैल्या रांगेत बसणार हाय मी.”

“बरं, मग तुला आधी एक सांगते. ते बांधावरचं लगीन असतं ना…”

“माई,” तिनं थालीपीठ उलटलं, “लोकांना सांगशील तवाच सांग. मला बी लोकांतच ऐकू दे. आधी खा.”

समाजमंदिरात पंखे होते, पण त्यांनी वारा कमी आणि आवाज जास्त दिला. पडद्यावर मी नाग दाखवला, घोणस दाखवली, मण्यार दाखवली. चावलं तर मांत्रिकाकडं नाही, सरळ दवाखान्यात, हे तीनदा म्हणवून घेतलं. मग धामण. चाळीतले उंदीर, ठिबकच्या नळ्या कुरतडणारे उंदीर, ते सगळं लोकांना पटत होतं. मग तो फोटो लावला. दोन अंगं, एक पीळ. लोकांनी सवयीनं हात जोडले. काकूनंही जोडले.

मी सांगितलं. हे लगीन नाही. हे दोन्ही नर आहेत. ही झुंज आहे, आणि आपण कापड टाकून तिच्यात विघ्न आणतो. माझा आवाज मला परका वाटत होता. मग मागच्या बाजूनं कोणीतरी बोललं, फार हळू नाही, “म्हंजे सिंधूकाकूची ओटी दोन गड्यांनी भरली म्हणा की.” आणि हसण्याची एक लाट पुढपर्यंत आली.

काकू उठली. गुडघ्यावर हात ठेवून, सावकाश. मागं वळून पाहिलं नाही. हसणं आपोआप थांबलं. ती पडद्याकडं बघत होती.

“चावत नाय एकमेकाला?” तिनं मला विचारलं.

“नाही, काकू.”

“रगत बी नाय?”

“नाही.”

“मंग झुंज कशी म्हणायची?”

“अंगाच्या जोरावर. दुसऱ्याला खाली दाबायचं आणि आपण वर राहायचं. जो टिकतो त्याची जागा.”

“आन् हरला तो?”

“निघून जातो. धडधाकट.”

काकू तशीच उभी राहिली. मला वाटलं आता हिला धरावं, म्हणून मी एक पाऊल पुढं टाकलं. मग तिच्या तोंडावर काहीतरी पसरत गेलं. माघातल्या त्या व्यापाऱ्यानं घड उन्हाकडं धरला होता तेव्हासुद्धा मी तिला इतकं खूश पाहिलं नव्हतं.

“मंग सांग सगळ्यांना नीट,” ती म्हणाली. “लेकरू शेवंतावन्संनी मागितलं व्हतं. मी हात जोडले तवा जागाच मागितली व्हती.”